शोकाचे ओसरणे आणि स्मृतीचे सत्य

१

जिवलग माणसाच्या मृत्यूनंतर होणारा शोक कालांतराने ओसरतो, हा सार्वत्रिक अनुभव आहे. काळ हेच दुःखावरचे औषध, असे सांत्वनाला येणारा प्रत्येक जण सांगत असतो. या समाधानात मात्र एक नैतिक पेच दडलेला आहे आणि तो प्रथम जाणवतो तो शोक करणाऱ्यालाच. ज्या माणसावाचून जगणे अशक्य वाटत होते त्याच्यावाचून आपण जगू लागलो, जेवू लागलो, एखाद्या गोष्टीला हसलोही, हे ध्यानात येते त्या क्षणी त्याला अपराधी वाटते. हे अपराधीपण केवळ मनाचे दौर्बल्य आहे, की त्यामागे काही ग्राह्य अशी नैतिक जाणीव आहे? शोकाचे ओसरणे ही मृताशी केलेली प्रतारणा ठरते काय? आणि ती ठरत नसेल, तर जिवंत माणसे मृताला नेमके काय देणे लागतात?

या प्रश्नांचा तात्त्विक विचार बहुधा शोकाला सवड असलेला माणूस गृहीत धरून केला जातो. त्याला एकांत असतो, लेखनाची साधने असतात आणि दुःखाकडे परतून पाहण्याइतका काळही असतो. बीडसारख्या जिल्ह्यात, जेथील मोठा समाज वर्षाचे पाच-सहा महिने ऊसतोडीसाठी गावाबाहेर असतो, तेथे हे गृहीत टिकत नाही. प्रस्तुत लेखात या प्रश्नाची तात्त्विक आणि साहित्यशास्त्रीय बाजू मांडून, ती या प्रदेशातील वस्तुस्थितीवर आणि याच प्रदेशाशी निगडित असलेल्या काही मराठी स्मृतिपरंपरांवर पारखून पाहावयाची आहे.

२

शोक ओसरावा की ओसरू नये, याविषयी आधुनिक पाश्चात्त्य विचारात दोन टोके दिसतात. सिग्मंड फ्रॉइड यांनी १९१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या शोक आणि विषण्णता यांवरील निबंधात शोक हे एक प्रकारचे मानसिक काम मानले. गेलेल्या माणसाशी गुंतलेली एकेक आठवण आणि एकेक अपेक्षा मन पुढे आणते, वास्तवाशी ताडून पाहते आणि तिच्यातून आपली गुंतवणूक सोडवून घेते. हे काम पुरे झाले की मन पुन्हा मोकळे होते. जे पुरे होत नाही त्याला त्यांनी विकृतीच्या सदरात टाकले. पण या सिद्धान्ताचे पुढे काय झाले तेही पाहण्यासारखे आहे. १९२० मध्ये फ्रॉइड यांची मुलगी सोफी वारली. त्यानंतर नऊ वर्षांनी, पुत्रवियोग झालेल्या लुडविग बिन्स्वांगर यांना लिहिलेल्या पत्रात, तीव्र शोक शमला तरी रिकामी झालेली जागा भरून निघत नाही आणि तसे होणेच योग्य आहे, अशा आशयाची कबुली त्यांनी दिली. सिद्धान्तकाराच्या मताला बापाच्या अनुभवाने घातलेली ही मुरड आहे.

दुसऱ्या टोकाला झाक देरिदा आहेत. पॉल द मान यांच्या निधनानंतर १९८६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या व्याख्यानांत त्यांनी फ्रॉइड यांची मांडणी उलटी केली. यशस्वी शोक म्हणजे मृताला आपल्या आत सामावून घेणे. पण असे सामावून घेतले की मृत माणूस 'दुसरा' उरत नाही, तो आपलाच एक भाग होतो. म्हणून शोकाच्या यशातच त्याचे अपयश असते, आणि जो शोक पुरा होत नाही तोच मृताच्या परकेपणाची बूज राखतो.

या दोहोंमध्ये मार्था नुसबॉम यांनी २००१ मध्ये एक वेगळीच अडचण नोंदवली. भावना म्हणजे मूल्यविषयक निर्णय होत, असे त्या मानतात. आपल्या जीवनात अनन्यसाधारण स्थान असलेली व्यक्ती कायमची गेली, हा शोकातील निर्णय होय. हा निर्णय दहा वर्षांनीही तितकाच खरा असतो. मग शोक मात्र तितकाच का राहत नाही? नुसबॉम यांचे उत्तर असे, की त्या व्यक्तीचे आपल्या जीवनातील स्थान हळूहळू बदलते, म्हणून निर्णयाचा रोखही बदलतो. उत्तर पटण्यासारखे आहे, पण अपराधी वाटणाऱ्या माणसाचे समाधान त्याने होणार नाही. त्याची तक्रार नेमकी तीच आहे: हे स्थान बदलू देण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिला?

३

या तक्रारीचे स्वरूप भारतीय साहित्यशास्त्राच्या परिभाषेत अधिक नेमके मांडता येते. भरताच्या नाट्यशास्त्रात शोक हा आठ स्थायी भावांपैकी एक आहे आणि करुण रसाचा तो पाया आहे. स्मृती मात्र तेहेतीस व्यभिचारी भावांत गणली आहे. ती येते, स्थायीला पुष्ट करते आणि निघून जाते. काव्याच्या व्यवस्थेत शोक टिकतो आणि स्मृती त्याच्या सेवेत राहते.

लौकिक जीवनात हा क्रम बरोबर उलटा होतो. तेथे शोक येतो आणि जातो. मग टिकलीच तर स्मृती टिकते. तीव्र शोकाचे झटके अधूनमधून येतात ते स्मृतीच्या पोटातून, एखाद्या सणाच्या दिवशी, एखाद्या वस्तूवर हात पडल्यावर. म्हणजे जीवनात स्मृती स्थायी होते आणि शोक संचारी. अपराधीपणाची भावना निर्माण होते ती आपण जीवनाला काव्याचा नियम लावतो म्हणून. शोकच स्थायी असला पाहिजे, तो ओसरला म्हणजे प्रेमच ओसरले, असे आपण धरून चालतो.

काव्यात शोक स्थायी कसा राहू शकतो, याचे उत्तर अभिनवगुप्ताने देऊन ठेवले आहे. क्रौंचवधाच्या कथेचा विचार करताना तो बजावतो की तो शोक मुनीचा व्यक्तिगत शोक मानू नये. स्वतःच्या दुःखाने पोळलेल्या माणसाकडून काव्यरचना संभवत नाही. काव्यातील शोक साधारणीकृत झालेला असतो, त्याला कोणी एक धनी नसतो. लौकिक शोकाला धनी असतो आणि त्या धन्याला उद्या कामावर जायचे असते.

याच संदर्भात भरताने केलेला आणखी एक भेद उपयुक्त आहे. विप्रलंभ शृंगार आणि करुण हे दोन्ही वियोगाचे रस. पण विप्रलंभ सापेक्ष आहे, त्यात पुनर्भेटीची अपेक्षा शिल्लक असते. करुण निरपेक्ष आहे, त्यात ती संपलेली असते. प्रत्यक्षात मात्र शोक करणारा माणूस बराच काळ या दोहोंच्या सीमारेषेवर उभा असतो. मृत्यू झाला हे त्याला माहीत असते, तरी सवयीने दोन ताटे वाढली जातात आणि दाराशी पाऊल वाजले की मान वर होते. शोकाचे ओसरणे याचा एक अर्थ असा, की विप्रलंभाचा अंश संपून करुणाचे निरपेक्षत्व पूर्णपणे मान्य होणे. या अर्थाने पाहिले तर शोक ओसरण्यात प्रतारणा नसून सत्याचा स्वीकार आहे. प्रश्न पुढचा आहे. हा स्वीकार झाल्यावर जी स्मृती मागे उरते, ती कशी असावी?

४

त्याकडे वळण्यापूर्वी शोकाला काळ कोण देतो, हे पाहिले पाहिजे. मराठवाड्याच्या ग्रामीण समाजात शोकाला काळाची चौकट घालून दिलेली आहे. हिंदू घरांत सुतक, दहावा, तेरावा, वर्षश्राद्ध, मुसलमान घरांत चाळिसावा, बौद्ध घरांत पुण्यानुमोदन, अशी त्याची रूपे वेगवेगळी असली तरी तत्त्व एकच आहे. मयताच्या घरी येणारी बाई दारात पाऊल ठेवताच हेल काढून रडू लागते. घरातली बाई उठून तिच्या गळ्यात पडते आणि दोघी मिळून गेलेल्या माणसाला नात्याच्या नावाने हाका मारीत, त्याने काय काय केले ते शब्दांत मांडीत रडतात. हे रडणे उत्स्फूर्त असते तसेच रीतीचेही असते. त्यानंतर वर्षातला पहिला सण दुःखाचा म्हणून आप्त येऊन बसतात, गोडधोडाला हात लावायला लावतात. शोक धरण्याची जशी रीत आहे तशीच तो सोडण्याचीही रीत आहे. शोक संपवल्याचे अपराधीपण एकट्याच्या माथी येऊ नये, म्हणून समाज ते वाटून घेतो. घास तोंडात घालणारा हात दुसऱ्याचा असतो, याला नैतिक अर्थ आहे.

बीड जिल्ह्यातील ऊसतोड कामगारांच्या जीवनात ही चौकट एका दुसऱ्या कालगणनेला जाऊन भिडते. भाद्रपद वद्य पक्षात पितर जेवू घातले जातात, सर्वपित्री अमावास्या होते, नवरात्र आणि दसरा येतो, आणि त्यापाठोपाठ टोळ्या पश्चिम महाराष्ट्राकडे, कर्नाटकाकडे निघतात. मृतांचा पंधरवडा आणि स्थलांतराचा हंगाम असे एकमेकांना लागून आहेत. हंगामात घरात मृत्यू झाला, तर दहा दिवस बसणे हीसुद्धा हिशेबाची बाब होते. बुडालेल्या दिवसांचे खाडे मोजले जातात.

या व्यवसायातील भाषा या दृष्टीने अभ्यासण्यासारखी आहे. मुकादमाच्या हिशेबात नवरा-बायकोच्या जोडीला 'कोयता' म्हणतात. एकट्याने काम करणारे माणूस 'अर्धा कोयता' असते. जोडीतला एक मेला, म्हणजे त्या हिशेबात माणूस मेलेले नसते, कोयता निम्मा झालेला असतो. हंगामापूर्वी घेतलेली उचल मृत्यूने फिटत नाही. उरलेली रक्कम घरातल्या दुसऱ्या कोणाच्या अंगमेहनतीतून पुरी करावी लागते आणि पुष्कळदा वयात न आलेले मूल जोडीत उभे करून कोयता पुन्हा पुरा केला जातो. मृताची रिकामी जागा भरून निघू नये, ती तशीच राहणे योग्य, असे फ्रॉइड यांच्या पत्रात सुचवलेले आहे. येथे ती जागा पुढच्या मोळीच्या आत भरावी लागते.

परंपरेने मृताविषयीच्या कर्तव्याला ऋण मानले आहे. देवऋण, ऋषिऋण, पितृऋण ही त्रयी सर्वपरिचित आहे. श्राद्धाने आणि संततीने पितृऋण फिटते, असे मानले जाते. जेथे मृताच्या मागे खरोखरीचे देणे उरते, तेथे या रूपकाची मर्यादा उघडी पडते. ऋण फेडायचे असते, आणि फिटले की संबंध संपतो. उचल फिटल्यावर मुकादम दाराशी येत नाही. पण मृताशी असलेला संबंध असा फिटवून टाकता येत नाही, आणि ज्याला तो फिटवून टाकता आला त्याला आपण कृतकृत्य म्हणण्यापेक्षा कोरडा म्हणू. म्हणजे मृताचे आपल्यावर जे काही आहे, ते सांगण्यास ऋण हा शब्द अपुरा आहे.

येथे पहिल्या प्रश्नाचे निम्मे उत्तर मिळते. शोक किती काळ टिकला, यावरून प्रेमाचे माप काढणे हे ज्यांना काळ उपलब्ध आहे त्यांनी ज्यांना तो नाही त्यांच्यावर अन्याय करण्यासारखे आहे. चौथ्या दिवशी फडात उतरलेल्या बाईचा शोक उथळ होता, असे कोणताही सुज्ञ माणूस म्हणणार नाही. शोकाचे टिकणे मनाइतकेच परिस्थितीवर अवलंबून असते, आणि जे आपल्या हाती नाही त्यावर निष्ठेची कसोटी ठरवता येत नाही. कसोटी लावायचीच असेल तर ती अन्यत्र शोधली पाहिजे.

५

ती स्मृतीत शोधावी, असे वरील विवेचनातून सूचित होते. पण स्मृती टिकली एवढ्यानेही प्रश्न सुटत नाही. मृताची आठवण राहते, मात्र ती आठवणाऱ्याच्या सोयीची होते, असेही घडते. विस्मरणापेक्षा हा धोका अधिक सूक्ष्म आहे. विस्मृतीत मृत माणूस नाहीसा होतो, आणि सोयीच्या स्मृतीत त्याच्या जागी दुसराच कोणी येऊन बसतो.

याचे एक कठोर उदाहरण आत्महत्याग्रस्त शेतकरी कुटुंबांच्या बाबतीत दिसते. बीड हा मराठवाड्यातील या प्रश्नाने ग्रासलेल्या जिल्ह्यांपैकी एक आहे. २००५-०६ पासून राज्य शासनाने अशा कुटुंबाला एक लाख रुपयांचे साहाय्य देण्याची जी पद्धत आखली, तिच्यात तीस हजार रोख आणि सत्तर हजार ठेवीच्या रूपाने, अशी विभागणी होती. प्रकरण जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालील समितीपुढे जाते आणि 'पात्र' किंवा 'अपात्र' ठरते. जमीन कुटुंबाच्या नावे होती का, नापिकी झाली होती का, कर्ज बँकेचे, सहकारी संस्थेचे किंवा परवानाधारक सावकाराचे होते का, वसुलीचा तगादा होता का, हे प्रश्न विचारले जातात. सार्वजनिक पैसा द्यायचा तर निकष असले पाहिजेत, याविषयी वाद नाही. पण मागे राहिलेल्या बाईच्या दृष्टीने पाहिले, तर तिच्या नवऱ्याचे स्मरण करण्याची पहिली अधिकृत संधी तिला मिळते ती या प्रश्नावलीत. तो माणूस कसा होता, कशाला हसत होता, कोणावर चिडत होता, याला तिथे रकाना नाही. त्याच्या आयुष्यातून कर्ज तेवढे उचलून तिला सांगावे लागते. नातेवाइकाकडून हातउसने घेतलेले कर्ज असेल तर ते सांगून उपयोग नसतो, आणि दारू, आजार, भांडण यांचा उल्लेख झाला तर प्रकरण अपात्र ठरण्याची भीती असते. नवरा-बायकोत शेवटच्या दिवशी काय बोलणे झाले, हे तिच्या शोकाचे कदाचित सर्वांत मोठे ओझे असते. तेच तिला झाकून ठेवावे लागते.

पुढे पंचनाम्यात, गावात आणि नातेवाइकांत हीच हकीकत पुनःपुन्हा सांगून ती पक्की होते. काही वर्षांनी मुलांपाशी बापाची म्हणून जी स्मृती पोचते ती हीच. माणूस एका कारणात विरघळून जातो. साहित्यानेही या बाबतीत आत्मपरीक्षण करण्यास जागा आहे. गेल्या तीन दशकांत शेतकऱ्याच्या मृत्यूवर मराठीत विपुल कविता लिहिली गेली. तिच्यातील कळकळ निर्विवाद आहे. परंतु पुष्कळ कवितांत मृत शेतकरी हा नाव, स्वभाव आणि विसंगती नसलेला, केवळ व्यवस्थेचा बळी म्हणून येतो. शासनाच्या रकान्यात जे घडते तेच सहानुभूतीच्या वाटेने कवितेत घडते. मृताला आपल्या युक्तिवादाचे प्रमाण करणे, हे युक्तिवाद न्याय्य असला तरी नैतिकदृष्ट्या निर्दोष नाही.

६

स्मृतीची कसोटी सत्य असावी, असे म्हटले की नैयायिकांचा आक्षेप पुढे येतो. न्यायदर्शनात स्मृतीला प्रमा मानलेले नाही. अन्नंभट्टाच्या तर्कसंग्रहात केवळ संस्कारातून उपजणारे ज्ञान ते स्मृती, अशी तिची व्याख्या आहे. ती नवे काही कळवीत नाही, पूर्वीच्या अनुभवाची पुनरावृत्ती करते. तथापि, त्याच ग्रंथात स्मृतीचे यथार्थ आणि अयथार्थ असे दोन भेदही केले आहेत. म्हणजे स्मृती प्रमाण नसली तरी ती खरी किंवा खोटी असू शकते. मृताच्या संदर्भात या भेदाचे मोल फार आहे. जिवंत माणसाविषयीची चुकीची आठवण तो स्वतः दुरुस्त करू शकतो. मृत माणसाला ते करता येत नाही. म्हणून ती दुरुस्त करण्याची जबाबदारी आठवणाऱ्यावरच येऊन पडते.

ही जबाबदारी मराठीच्या एका आद्य ग्रंथाने किती गांभीर्याने पत्करली होती, हे पाहण्यासारखे आहे. तेराव्या शतकाच्या आठव्या दशकात श्रीचक्रधरस्वामी शिष्यांना सोडून गेले. संप्रदायाच्या श्रद्धेनुसार ते उत्तरापंथे गेले, म्हणजे त्या वियोगात करुणाचे निरपेक्षत्व पूर्णतः नव्हते, विप्रलंभाची एक वाट उघडी होती. नागदेवाचार्य त्या वियोगाने विव्हळ झाले. पुढे ऋद्धिपूर येथे गोविंदप्रभूंच्याही निधनानंतर, नागदेवाचार्य स्वामींच्या लीळांचे स्मरण करीत असत आणि म्हाइंभटांनी त्या लीळा लिहून ठेवण्याचे मनावर घेतले, अशी परंपरा आहे. मराठी गद्याचा पहिला मोठा ग्रंथ लीळाचरित्र, तो असा शोकाच्या कुशीतून जन्मला. पण त्यात विलाप फार थोडा आहे. म्हाइंभट ज्यांच्या-ज्यांच्यासमोर जी लीळा घडली त्यांच्यापर्यंत गेले, त्यांच्याकडून ती ऐकली आणि नोंदवली. स्वामी कोठे बसले, काय जेवले, कोणास काय बोलले, कोण रुसले, कोणाचे हसे झाले, हे सारे त्यात आहे. पुढे स्वाऱ्यांच्या धामधुमीत मूळ पोथी नष्ट झाल्यावर निरनिराळ्या शिष्यांच्या पाठांतरावरून ग्रंथ पुन्हा उभा केला गेला. तेव्हा जेथे आठवणींत फरक पडला तेथे तो फरक 'वासना' म्हणून नोंदवून ठेवण्याची रीत संप्रदायाने पाळली. एकाला असे आठवते, दुसऱ्याला तसे आठवते, आणि दोन्ही राहू द्यावे. ज्याला परमेश्वर मानले त्याच्याविषयीही एकसंध, गुळगुळीत प्रतिमा घडवण्याचा मोह या माणसांनी आवरला, ही साधी गोष्ट नव्हे.

त्याच परंपरेतील स्थानपोथी स्वामींच्या वास्तव्याची स्थळे दिशा आणि खुणा देऊन सांगते. बीड जिल्ह्यात, गेवराई तालुक्यातील गोदाकाठचे पांचाळेश्वर हे महानुभावांचे आत्मतीर्थ, श्रीदत्तात्रेयप्रभूंच्या भोजनाचे स्थान मानले जाते. दैवताने जेथे जेवण केले ती जागा वंदनीय, या कल्पनेत स्मृतीविषयीचा एक सखोल विचार आहे. महिमा सांगणारा भव्य प्रसंगच लक्षात ठेवावा असे नाही. एखादा माणूस दुपारी कोठे जेवायला बसत असे, हेही लक्षात ठेवण्यास योग्य असते. कोणत्याही घरातला शोक याच तपशिलांपाशी घोटाळतो.

येथे श्रद्धेचा भाग बाजूला ठेवला तरी स्मृतीच्या नीतीची तीन सूत्रे हाती लागतात. तपशील जपावा, ज्याच्या साक्षीने तो कळला त्याला धरून राहावे, आणि आठवणींतील विसंगती मिटवू नये. ऋणाच्या जागी साक्ष ही कल्पना अशी पुढे येते. साक्ष फिटत नाही, ती देत राहावी लागते. आणि साक्ष देण्यासाठी सतत शोकमग्न असणे आवश्यक नसते. उलट, शोकाचा भर ओसरल्याखेरीज साक्ष नीट देता येत नाही.

या शेवटच्या विधानाला लक्ष्मीबाई टिळकांच्या स्मृतिचित्रांचा भक्कम आधार आहे. रेव्हरंड टिळक १९१९ मध्ये वारले. त्यांच्या चरित्रासाठी मुलाने आईकडे आठवणी मागितल्या, त्यातून घडलेला हा ग्रंथ १९३४ पासून पुस्तकरूपाने येऊ लागला. मधल्या दीड दशकात शोक निवला होता, म्हणूनच टिळकांचा तापटपणा, विक्षिप्तपणा, उधळेपणा आणि त्यांचे मोठेपण एकाच श्वासात सांगता आले, आणि तेही हसत हसत. शोकाच्या भरात लिहिले असते तर कदाचित एका साधुपुरुषाचे स्तोत्र झाले असते. ओसरलेल्या शोकाने माणूस परत दिला. देरिदा ज्या परकेपणाची बूज राखू पाहतात, तो परकेपणा अपुऱ्या राहिलेल्या शोकातच सुरक्षित असतो असे नाही. खट्याळ, नेमक्या, न सावरलेल्या आठवणीतही तो सुरक्षित असतो.

७

आता एक अवघड प्रश्न उरतो. म्हाइंभटांपाशी लेखणी होती, लक्ष्मीबाईंपाशी मागणारा मुलगा होता. ज्यांच्यापाशी दोन्ही नाही त्यांच्या मृतांची साक्ष कोण देणार? या बाबतीत जात्यावरच्या ओवीने शतकानुशतके मोठे काम केले. माहेरचा मेलेला भाऊ, बाप, आई, लेक यांची नावे पहाटेच्या दळणात घेतली जात. त्यासाठी वेगळी सवड लागत नसे, श्रमातच स्मरणाची सोय होती. पिठाच्या गिरण्या आल्या, श्रम हलके झाले ही इष्टच गोष्ट झाली, पण त्याबरोबर स्मरणाचा एक नित्याचा प्रसंगही गेला.

गी प्वातवँ आणि हेमा राईरकर यांनी सुरू केलेल्या ओव्यांच्या संकलनात एक लाखाहून अधिक ओव्या जमा झाल्या. त्यात बीड जिल्ह्यातील माजलगावच्या दलित स्त्रियांनी गायिलेल्या, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांवरील ओव्या आहेत. त्या ध्वनिमुद्रित झाल्या १९९६ मध्ये, म्हणजे ६ डिसेंबर १९५६ च्या महापरिनिर्वाणाला चार दशके होत आली असताना. या स्त्रियांनी बाबासाहेबांना दुरून मानवंदना दिलेली नाही. त्यांना घरातला, नात्यातला माणूस मानून गायिले आहे. नैयायिकांच्या व्याख्येपुढे हे एक आव्हानच आहे. ज्याचा प्रत्यक्ष अनुभव नाही त्याची स्मृती कशी? याचे उत्तर असे देता येईल, की अनुभव बाबासाहेबांच्या सहवासाचा नसला तरी त्यांच्यामुळे पालटलेल्या आपल्या जगण्याचा होता आणि त्याचा संस्कार खराच होता. शिवाय स्मृती हातोहात जाऊ शकते. आईच्या आठवणीतील माणूस लेकीच्या ओवीत नात्याचा होतो. मृताशी नाते सांगण्यास प्रत्यक्ष ओळख अनिवार्य नाही. ज्याने साक्ष ऐकली त्याच्यावरही ती पुढे नेण्याची जबाबदारी येते.

येथे वाङ्मयाच्या अभ्यासकाचा संबंध येतो. ओव्या गोळा करणाऱ्यांनी लाखभर दळणांतली नावे वाचवली. कोयत्याच्या हिशेबात जे माणूस निम्म्या आकड्याने उरले आणि साहाय्याच्या प्रकरणात जे कारणापुरते उरले, त्यांच्याविषयी बोलणारी माणसे आज बीडच्या गावोगाव हयात आहेत. त्यांना प्रश्न विचारण्याची आपली पद्धत कोणती असावी, हा केवळ संशोधनपद्धतीचा मुद्दा नाही. कर्ज किती होते, हे विचारून झाल्यावर तो माणूस दुपारी कोठे जेवायला बसत असे, हेही विचारता येते. आणि सासू एक सांगत असेल व सून दुसरे, तर दोन्ही लिहून घेता येते.

शोकाच्या ओसरण्याविषयीच्या अपराधीपणाला यातून एक उत्तर मिळते, पण ते पूर्णपणे समाधान करणारे नाही, हे मान्य केले पाहिजे. मृताचा आपल्या अश्रूंवर अधिकार आहे असे म्हणता येत नाही. अश्रूंना परिस्थिती आवर घालते आणि काळही आवर घालतो. पण तो होता तसा आठवला जावा, एवढा त्याचा अधिकार निश्चित आहे. स्मृती स्थायी करायची तर ती खरी ठेवण्याचे कष्ट पत्करले पाहिजेत, आणि खरी स्मृती नेहमीच सुखाची नसते. तिच्यात मृताचे दोष असतात, आपले अपुरेपण असते, शेवटच्या दिवशीचे न मिटलेले बोलणे असते. शोक ओसरतो तेव्हा हे सारे प्रथमच स्पष्ट दिसू लागते. तेवढ्यासाठी तरी त्या ओसरण्याला प्रतारणा म्हणण्याचे कारण नाही. ते पाहणे टाळले, तर मात्र प्रतारणा तेथे सुरू होते.